डोक्यावर आहे, पण डोके वाचवील का?

साखर कारखान्यांची धुराडी पेटली की आमच्या भागातील रस्त्यांचे रूप बदलते. उसाने भरलेल्या ट्रॅक्टर-ट्रॉल्या, बैलगाड्या, रस्त्यावर सांडलेली उसाची कांडी आणि या सगळ्यांतून वाट काढणाऱ्या दुचाकी. पाठोपाठ लग्नसराई येते. या चार-पाच महिन्यांत डोक्याला मार लागलेले रुग्ण दवाखान्यात नेहमीपेक्षा जास्त येतात, हा माझा दरवर्षीचा अनुभव आहे. म्हणून या आठवड्यात हेल्मेटविषयी लिहायचे ठरवले.

'हेल्मेट घाला' असा उपदेश आपण पुष्कळ ऐकला आहे. तो मी पुन्हा करणार नाही. मला सांगायचे आहे ते थोडे वेगळे. हेल्मेट घालणारेही बरेच जण ते चुकीचे, सैल किंवा भलत्याच कामाचे घालतात. नाक्यावरचा पोलीस दिसला की डोक्यावर, नाका संपला की कोपरावर, असाही प्रकार असतो. पोलिसाला हेल्मेट दिसले की त्याचे काम भागते, पण रस्त्यावर आपटणाऱ्या डोक्याचे भागत नाही. हेल्मेट डोके कसे वाचवते हे एकदा समजले, की ते कसे निवडावे आणि कसे वापरावे हे वेगळे शिकवावे लागत नाही.

कवटीच्या आत काय घडते?

आपला मेंदू साधारण तेराशे ते चौदाशे ग्रॅम वजनाचा आणि ताज्या खव्यासारखा मऊ असतो. तो कवटीला चिकटलेला नसतो. पाण्यासारख्या एका द्रवात तो तरंगत असतो. नेहमीच्या हालचालींत हा द्रव त्याला सांभाळून घेतो. पण डोके दगडावर किंवा डांबरावर आपटते तेव्हा कवटी एका क्षणात थांबते आणि आतला मेंदू मात्र पुढे जात राहतो. तो कवटीच्या आतल्या बाजूवर आदळतो, कधी उलट फिरून मागच्या बाजूवरही आदळतो. मार कपाळाला लागलेला असताना जखम मेंदूच्या मागच्या भागात सापडते, ती यामुळे. डोक्याला जोराचा पीळ बसला तर मेंदूतील बारीक तंतू ताणले जातात किंवा तुटतात. अशा वेळी बाहेरून साधे खरचटलेलेही नसते, आणि रुग्ण मात्र बेशुद्ध असतो.

कानाच्या थोडे वर आणि पुढे, कानशिलाजवळ, कवटीचे हाड बरेच पातळ असते. या पातळ हाडाच्या आतून एक रक्तवाहिनी गेलेली असते. हाडाला चीर पडून ती फाटली, की कवटी आणि मेंदूचे आवरण यांच्यामध्ये रक्त साठू लागते. कवटी म्हणजे बंद डबा. त्यात रक्ताला जागा करून द्यायची तर मेंदूलाच दबावे लागते. यातली फसवी गोष्ट अशी की सुरुवातीला रुग्ण चांगला बोलतो, चालतो, चहासुद्धा मागतो. अर्ध्या तासाने किंवा काही तासांनी त्याला झोप येऊ लागते, आणि ती झोप साधी नसते.

काही वर्षांपूर्वी दूध घालणारा तिशीतला एक तरुण माझ्याकडे चालत आला. वळणावर वाळूवरून गाडी घसरली होती, वेगही फारसा नव्हता. "डॉक्टर, एक इंजेक्शन द्या, रतीब राहिलाय," म्हणाला. रक्त नव्हते, कानशिलाला फक्त टेंगूळ होते. बोलता बोलता त्याने तोच प्रश्न मला दुसऱ्यांदा विचारला. मी त्याच्या भावाला बोलावून जीप करून दिली आणि थेट जिल्ह्याच्या ठिकाणी पाठवले. वाटेतच त्याला उलट्या सुरू झाल्या, गुंगी आली. वेळेवर शस्त्रक्रिया झाली म्हणून तो वाचला. त्याचे हेल्मेट त्या दिवशीही गाडीवर होते, दुधाच्या कॅनला अडकवलेले.

हेल्मेट काम कसे करते?

बहुतेकांची समजूत अशी असते की हेल्मेटचे बाहेरचे टणक कवच डोके वाचवते. ते अर्धेच खरे आहे. कवच टोकदार वस्तू आत शिरू देत नाही, आघात मोठ्या भागावर पसरवते आणि डोके रस्त्यावरून घसरत जाऊ देते. खरे काम करतो तो आतला, थर्मोकोलसारखा दिसणारा, बोटभर जाडीचा थर. डोके आपटले की हा थर चिरडला जातो. चिरडला जाताना तो आघाताची शक्ती स्वतः खातो आणि डोक्याला थांबायला थोडे जास्त अंतर देतो.

उंचावरून झेल घेताना आपण हात मागे नेतो. चेंडू एकदम थांबला तर तळहाताला झोंबतो, हात मागे नेला तर झोंबत नाही. वेग तोच, फक्त थांबण्याचे अंतर वाढले. उघडे डोके डांबरावर आपटून जणू पाच मिलिमीटरमध्ये थांबत असेल आणि हेल्मेटच्या थरामुळे पंचवीस मिलिमीटरमध्ये थांबत असेल, तर मेंदूला बसणारा हिसका सुमारे पाचपट कमी होतो. दोन सेंटिमीटरचा हा हिशेब माणूस घरी परत येणार की नाही हे ठरवतो.

यातून तीन गोष्टी आपोआप निघतात. पहिली, ज्या हेल्मेटमध्ये हा थर नाही, नुसता स्पंज आणि कापड आहे, ते हेल्मेट म्हणजे प्लॅस्टिकची टोपी. दुसरी, हा थर एकदाच चिरडला जातो आणि पुन्हा फुगत नाही. म्हणून एका अपघातात मार खाल्लेले हेल्मेट बाहेरून कितीही चांगले दिसले तरी बाद समजावे. तिसरी, आपटण्याच्या क्षणी हेल्मेट डोक्यावर असले पाहिजे, आणि ते पट्ट्यावर अवलंबून असते.

ऊसतोड टोळीच्या एका मुकादमाला लोकांनी माझ्याकडे आणले, तेव्हा सोबतच्यांनी सांगितले की हेल्मेट घातलेले होते, पण ते वीस फूट पुढे गटारात सापडले. पट्टा लावलेला नव्हता. पडताना पहिल्या हिसक्यालाच ते उडाले आणि डोके उघडेच आपटले. हनुवटीचा पट्टा न लावलेले हेल्मेट आणि हँडलला लटकवलेले हेल्मेट यांत डॉक्टरच्या दृष्टीने काहीही फरक नाही.

हे ज्ञान आले कुठून?

१९३५ च्या मे महिन्यात इंग्लंडमध्ये टी. ई. लॉरेन्स, म्हणजे 'लॉरेन्स ऑफ अरेबिया' म्हणून जगाला माहीत असलेले गृहस्थ, मोटारसायकलवरून पडले. डोक्याला मार लागून सहा दिवसांनी त्यांचा मृत्यू झाला. त्यांच्यावर उपचार करणाऱ्यांत ह्यू केर्न्स हे मेंदूचे शल्यविशारद होते. पुढे महायुद्धाच्या काळात सैन्याचे निरोप पोहोचवणारे मोटारसायकलस्वार शत्रूच्या गोळीशिवायच मोठ्या संख्येने मरत असल्याचे केर्न्स यांनी पाहिले. हेल्मेट घातलेल्यांच्या डोक्याच्या जखमा सौम्य असतात, हे त्यांनी १९४१ साली 'ब्रिटिश मेडिकल जर्नल'मध्ये मांडले. त्याच वर्षी ब्रिटिश सैन्याने आपल्या स्वारांना हेल्मेट सक्तीचे केले. सर्वसामान्यांसाठी तिथे सक्ती आली ती १९७३ साली, म्हणजे तीस वर्षांहून अधिक काळाने. हेल्मेटला विरोध फक्त आपल्याकडेच होतो असे नाही.

२००८ साली कॉक्रेन संस्थेने जगभरातील ६१ अभ्यास एकत्र तपासले. मोटारसायकलच्या अपघातात हेल्मेटमुळे मृत्यूचा धोका सुमारे ४२ टक्के आणि डोक्याच्या दुखापतीचा धोका सुमारे ६९ टक्के कमी होतो, असा निष्कर्ष निघाला. आपल्या देशातील चित्र पाहा. केंद्र सरकारच्या अहवालानुसार २०२२ साली रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे गेली. त्यांपैकी ५०,०२९ जण हेल्मेट न घातलेले दुचाकीस्वार किंवा मागे बसणारे होते. यांतले सगळेच वाचले असते असे मी म्हणणार नाही. पण बरेच वाचले असते.

दुचाकीचे हेल्मेट निवडताना

रस्त्याच्या कडेला दोरीवर टांगलेली शे-दोनशे रुपयांची हेल्मेटे आपण पाहतो. दुचाकीच्या हेल्मेटसाठी आपल्याकडे आयएस ४१५१ हे मानक आहे, आणि १ जून २०२१ पासून आयएसआय चिन्ह नसलेले दुचाकीचे हेल्मेट तयार करणे व विकणे बेकायदा आहे. नुसता चिन्हाचा स्टिकर पाहून समाधान मानू नका. चिन्हावर मानकाचा क्रमांक आणि त्याखाली 'सीएम/एल' या अक्षरांनी सुरू होणारा परवाना क्रमांक असतो. हातात मोबाइल असेल तर 'बीआयएस केअर' या अॅपवर तो क्रमांक खरा की खोटा हे तिथेच तपासता येते. आतले अस्तर बोटाने बाजूला करून थर्मोकोलचा थर आहे ना, तेही पाहा.

मग माप. कपाळावर भुवयांच्या बोटभर वरून डोक्याभोवती शिंप्याचा टेप गुंडाळा. जो सेंटिमीटरचा आकडा येईल ते आपले माप. हेल्मेट घातल्यावर गालांना आणि कपाळाला सगळीकडून सारखे घट्ट बसले पाहिजे. डोके डावीकडे-उजवीकडे हलवले तर हेल्मेट डोक्याबरोबर फिरले पाहिजे. पट्टा लावून मागच्या बाजूने हेल्मेट वर व पुढे ढकलून पाहा. निघून आले तर ते आपले नव्हे. पट्टा आणि गळा यांच्यामध्ये दोन बोटे जातील इतकाच घट्ट असावा. 'जरा मोठे घे, घरातले सगळे वापरतील' हा हिशेब ताटवाटीला ठीक आहे, हेल्मेटला नाही.

टोपीसारखे, कानाच्या वरच संपणारे अर्धे हेल्मेट आपल्याकडे फार चालते. वर सांगितलेली कानशिलाजवळची पातळ हाडाची जागा हे हेल्मेट नेमकी उघडी ठेवते. चेहरा आणि हनुवटी झाकणारे पूर्ण हेल्मेट सर्वांत चांगले. ज्यांना ते अगदीच सोसत नाही त्यांनी निदान कान आणि मानेचा वरचा भाग झाकणारे घ्यावे.

मागे बसणाऱ्या आया-बहिणी आणि मुले

या ठिकाणी वाचकांनी थोडे थांबावे. चालवणाऱ्याच्या डोक्यावर हेल्मेट, मागे एका बाजूला पाय टाकून बसलेली पत्नी, दोघांच्या मध्ये एक मूल आणि पुढे टाकीवर दुसरे, हे दृश्य रोजचे आहे. चालवणाऱ्याला धरायला हँडल असते, खड्डा आधी दिसतो. मागे बसणाऱ्याला यातले काही नसते. गतिरोधकावर गाडी उडाली, पदर किंवा ओढणी चाकात गेली, की बाईमाणूस मागच्या मागे पडते आणि डोक्याचा मागचा भाग आपटतो. माझ्याकडे आलेल्या अशा बहुतेक स्त्रिया 'गाडी तर हळूच चालली होती' असे सांगतात. ते खरेही असते.

आता हिशेब करा. बसलेल्या माणसाचे डोके जमिनीपासून सुमारे दीड मीटर, म्हणजे पाच फूट उंच असते. एवढ्या उंचीवरून डोके खाली आले तर जमिनीला टेकताना त्याचा वेग ताशी साडेएकोणीस किलोमीटर असतो. हा झाला उभ्या गाडीवरून पडण्याचा वेग. कवटी फुटायला एवढा पुरेसा आहे. 'गावातल्या गावात तर जायचे' या सबबीत काही अर्थ नाही, तो यामुळे.

मोटार वाहन कायद्याच्या कलम १२९ नुसार चार वर्षांवरील प्रत्येकाला, म्हणजे मागे बसणाऱ्यालाही, हेल्मेट बंधनकारक आहे. पगडी बांधणाऱ्या शीख बांधवांना त्यातून सूट आहे. २०१९ च्या दुरुस्तीने न घातल्यास एक हजार रुपये दंड आणि तीन महिने परवाना अपात्र ठरवण्याची तरतूद झाली. नऊ महिने ते चार वर्षे वयाच्या मुलांसाठी २०२२ साली केंद्राने नियम केले. त्यांत मुलाला हेल्मेट, चालकाला बांधून ठेवणारा सुरक्षा पट्टा आणि ताशी चाळीस किलोमीटरची वेगमर्यादा आहे. मुलाला मोठ्यांचे हेल्मेट घालू नका. सैल हेल्मेट त्याच्या डोळ्यांवर येते आणि पडताना निघून जाते.

स्त्रियांची एक खरी अडचण आहे, ती म्हणजे अंबाडा. उंच अंबाड्यावर हेल्मेट बसतच नाही. वेणी सोडून किंवा केस मानेजवळ खाली बांधून हेल्मेट घालावे. गजरा पोहोचल्यावर माळता येतो.

कारखाना, बांधकाम आणि विहीर

कामावरचे हेल्मेट वेगळ्याच आघातासाठी बनवलेले असते. तिथे डोके जमिनीवर आपटण्यापेक्षा वरून काही तरी डोक्यावर पडण्याचा धोका मोठा. तिसऱ्या मजल्यावरून, म्हणजे दहा मीटरवरून, सुटलेली वीट खाली येईपर्यंत ताशी पन्नास किलोमीटरचा वेग घेते. या हेल्मेटसाठी आयएस २९२५ हे मानक आहे. त्याच्या आत पट्ट्यांचे जाळे असते आणि जाळे व कवच यांच्यामध्ये काही सेंटिमीटरची पोकळी असते. वरून घाव बसला की पट्ट्या ताणतात, कवच खाली येते, पण डोक्याला टेकत नाही. ती पोकळी म्हणजेच संरक्षण.

आमचे कामगार बांधव त्या पोकळीत काय ठेवतात? तंबाखूची पुडी, विड्यांचे बंडल, मोबाइल, घडी घातलेला रुमाल. घाव बसला की तो सरळ त्या वस्तूतून डोक्यात उतरतो. मुकादमांनी आणि ठेकेदारांनी निदान एवढे तरी रोज तपासावे. उन्हात वर्षानुवर्षे पडून रंग उडालेले, चुरचुर आवाज करणारे, चीर गेलेले हेल्मेट बदलावे. त्यावर भोक पाडू नये, रंग देऊ नये. विजेच्या कामावर धातूचे हेल्मेट कधीही चालत नाही. वाकून काम करणाऱ्याने आणि विहिरीत उतरणाऱ्याने हनुवटीचा पट्टा लावलाच पाहिजे, नाहीतर खाली पाहताच हेल्मेट पाण्यात जाते. बांधकाम कामगारांसाठी १९९६ साली कायदा झाला. हेल्मेट देणे ही काम देणाऱ्याची जबाबदारी आहे. ती मेहरबानी नव्हे.

आणि आता सर्वांत महत्त्वाचे. कारखान्याची पाळी सुटली की तेच पिवळे हेल्मेट घालून मोटारसायकलवर घरी जाणारे शेकडो लोक मी रोज पाहतो. ते मुख्यतः वरून पडणाऱ्या वस्तूसाठी आहे. बाजूने, कानशिलावर, मागून बसणाऱ्या आघातासाठी ते बनवलेले नाही, आणि वेगात पडल्यावर डोक्यावर टिकतही नाही. रस्त्यावर ते घालणे म्हणजे चष्म्याचा नंबर न तपासता शेजाऱ्याचा चष्मा लावणे.

मैदानावर आणि दहीहंडीत

रमण लांबा हे नाव क्रिकेटच्या जुन्या रसिकांना आठवत असेल. भारताचा हा फलंदाज फेब्रुवारी १९९८ मध्ये ढाक्यात एका क्लब सामन्यात शॉर्ट लेगला हेल्मेटशिवाय उभा राहिला. षटकाचे तीनच चेंडू उरले होते. फटका कपाळाजवळ लागला. लांबा मैदानाबाहेर चालत गेला. नंतर त्याची शुद्ध हरपली आणि तीन दिवसांनी तो गेला. वर सांगितलेल्या दूधवाल्याचा 'चांगला बोलतो-चालतो' हा काळ इथेही दिसतो.

ऑस्ट्रेलियाच्या फिलिप ह्यूजने मात्र २०१४ साली हेल्मेट घातले होते. चेंडू हेल्मेटखाली मानेच्या उघड्या भागावर लागला, मेंदूकडे जाणारी रक्तवाहिनी फाटली आणि दोन दिवसांनी त्याचा मृत्यू झाला. त्यानंतर मानेमागचा भाग झाकणारी जोड संरक्षणे पुढे आली. जे झाकले आहे तेवढेच वाचते, हा त्यातला धडा. मुलगा टणक चामड्याच्या चेंडूने खेळू लागला की त्याला त्याच्या मापाचे हेल्मेट द्या. जाळी आणि कवच यांच्यामधील फटीतून चेंडू आत जाता कामा नये. लहान मुलांचा चेंडू लहान असतो हेही ध्यानात ठेवा. ब्रिटिश मानक बीएस ७९२८ मध्ये मोठ्यांच्या आणि मुलांच्या चेंडूसाठी वेगळी चाचणी आहे, ती यासाठीच.

सायकलचे हेल्मेट हलके आणि हवेशीर असते. युरोपच्या मानकात ते साधारण दीड मीटरच्या पडण्याइतक्या वेगाने सपाट पृष्ठभागावर आपटून तपासतात. सायकलवरून पडणाऱ्यासाठी ते योग्य आहे. मोटारसायकलसाठी अपुरे आहे. घोड्यावर बसलेल्या माणसाचे डोके तर आठ-नऊ फुटांवर असते, शिवाय घोड्याची लाथ वेगळी. माथेरान-महाबळेश्वरला मुलांना घोड्यावर बसवताना पट्ट्याचे, डोक्याला घट्ट बसणारे हेल्मेट मागून घ्या.

दहीहंडीत वरच्या थरावरच्या गोविंदाला आता बहुधा हेल्मेट असते, ही चांगली सुधारणा आहे. पण ते पुष्कळदा सायकलचे असते. तीस फुटांवरून पडणारा मुलगा जमिनीवर ताशी सुमारे अठ्ठेचाळीस किलोमीटर वेगाने आपटतो. दीड मीटरसाठी तपासलेले हेल्मेट तिथे एकटे काय करणार? त्याच्या कमरेला दोर आणि खाली जाड गाद्या हव्यातच. मुंबई उच्च न्यायालयाच्या २०१७ च्या निकालानंतर चौदा वर्षांखालील मुलांना थरांवर चढवता येत नाही. मंडळांनी हे मनापासून पाळावे.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

*हेल्मेटमुळे केस गळतात का?* टक्कल हे बहुतेक वेळा आनुवंशिक असते. घामाने कोंडा आणि खाज मात्र वाढते. आत पातळ सुती रुमाल बांधा, तो रोज धुवा, आणि ओल्या केसांवर हेल्मेट घालू नका. जाड टॉवेल गुंडाळू नका, माप बिघडते.

*मान दुखते, मणक्याचा त्रास वाढतो का?* नवीन वापरणाऱ्याला आठ-दहा दिवस अवघडल्यासारखे वाटते. अति जड किंवा सैल हेल्मेटने मान दुखू शकते. पण हेल्मेटमुळे अपघातात मानेच्या दुखापती वाढतात असे सिद्ध झालेले नाही. मणक्याचा जुना विकार असेल तर हलके हेल्मेट निवडा, सोडून देऊ नका.

*ऐकू येत नाही, बाजूचे दिसत नाही?* वाऱ्याचा आवाज हेल्मेट उलट कमी करते, हॉर्न ऐकू येतो. काचेवर ओरखडे पडले असतील तर काच बदला. रात्री काळी काच वापरू नका.

*किती वर्षे टिकते?* आपटले तर त्याच दिवशी बाद. नाहीतर रोजच्या वापरात साधारण पाच वर्षांनी बदलावे. रॉकेल, पेट्रोल किंवा थिनरने पुसू नका, कवच आणि थर दोन्ही खराब होतात. साबणाचे पाणी पुरे.

अपघात झाल्यास

जखमी माणसाभोवती गर्दी करून त्याला हलवणे, बसवणे, पाणी पाजणे हे सगळे टाळा. गुंगीतल्या माणसाच्या श्वासनलिकेत पाणी जाते. श्वास नीट चालू असेल तर हेल्मेट ओढून काढू नका, मानेचा मणका मोडलेला असू शकतो. श्वास अडत असेल, तोंडात रक्त वा उलटी असेल, तरच दोघांनी मिळून काढावे. एकाने खालून मान आणि जबडा स्थिर धरावा, दुसऱ्याने पट्टा सोडून हेल्मेट हळूहळू सरळ रेषेत काढावे. १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवा. मदत करणाऱ्याला पोलीस-कोर्टाच्या कटकटीपासून कायद्याने संरक्षण आहे, म्हणून घाबरून निघून जाऊ नका.

डोक्याला मार लागलेला माणूस बरा दिसत असला तरी पुढचे चोवीस ते अठ्ठेचाळीस तास त्याला एकटे सोडू नका. पुढीलपैकी एकही लक्षण दिसले तर सीटी स्कॅनची सोय असलेल्या रुग्णालयात ताबडतोब न्या.

१. अपघाताच्या वेळी थोडा वेळही शुद्ध हरपणे किंवा घडलेले न आठवणे.
२. पुन्हा पुन्हा उलटी, वाढत जाणारी डोकेदुखी.
३. गुंगी, असंबद्ध बोलणे, तेच तेच विचारणे.
४. फिट येणे, हाता-पायातील शक्ती कमी होणे.
५. एका डोळ्याची बाहुली दुसऱ्यापेक्षा मोठी दिसणे.
६. कानातून किंवा नाकातून रक्त अथवा पाण्यासारखा द्रव येणे.

रक्त पातळ करणारी गोळी घेणाऱ्यांना आणि म्हाताऱ्यांना लक्षण नसतानाही दाखवून घ्या. म्हाताऱ्या माणसांत रक्त सावकाश साठते, आणि तीन-चार आठवड्यांनी आजोबा चालताना तोल जाऊ लागले की घरच्यांना तो पडल्याचा दिवस आठवतही नाही. आणि दारूचा वास आला म्हणून 'उतरली की ठीक होईल' असे समजून कोणाला झोपवून ठेवू नका. दारू प्यायलेल्या माणसाच्याही डोक्यात रक्त साठते.

या रविवारी एक काम करा. घरात जेवढी हेल्मेटे आहेत तेवढी अंगणात काढा. कोणाला आत थर आहे, कोणाचा पट्टा तुटला आहे, कोणते कधी आपटले होते, घरात माणसे किती आणि हेल्मेटे किती, हे पाहा. कमी पडतील ती याच महिन्यात घ्या. त्यातले पहिले मागे बसणाऱ्या व्यक्तीसाठी घ्या.